सब ठीक म्हणणाऱ्या हवालदारास

अहो,

तुम्हाला जाऊन आज पंधरा दिवस झाले. परवा माजी सैनिकांच्या संघटनेतले तुमचे दोन मित्र येऊन गेले. त्यांच्या अंकात तुमच्यावर एक पान द्यायचं आहे म्हणे. "वहिनी, चार चांगले शब्द लिहून द्या," म्हणाले. मी हो म्हटलं. कागद घेऊन बसले तेव्हा लक्षात आलं की चांगले शब्द माझ्याकडे आहेत, पण ते रांगेत फार मागे उभे आहेत. पुढे जे उभे आहेत ते कुठल्याही अंकात छापता येणार नाहीत. तेव्हा त्यांना काय द्यायचं ते नंतर बघू, आधी तुमच्याशी बोलते. मध्ये बोलू नका असं सांगायची गरज नाही. तुम्ही आधीही कधी बोलत नव्हतात.

मी तुमच्यावर रागावले आहे. भेटायला येणाऱ्यांना वाटतं, प्रमिलाताई रडत नाहीत म्हणजे त्यांना धक्का बसला आहे. पुण्यानुमोदनाच्या दिवशी तर एक बाई माझ्या पाठीवरून हात फिरवत, "रडून घ्या, रडून घ्या" असं तासभर म्हणत होत्या. शेवटी मी त्यांना चहा पाहिजे का विचारलं, तेव्हा थांबल्या. धक्का वगैरे काही नाही. संताप आहे. आणि ज्याच्यावर तो काढायचा तो माणूस फोटोत बसून समोर बघतो आहे.

वरच्या मजल्यावरची मुग्धा रोज येते. दहा मिनिटं बसते, फुलपात्रातलं पाणी पिते आणि जे विचारायला आली ते न विचारता जाते. तिला माझ्याकडून हो किंवा नाही हवं आहे. ती बनवते आहे त्या मालिकेच्या शेवटच्या भागात तुम्ही जे बोलून ठेवलं आहे ते ठेवायचं की पुसायचं, हे मी ठरवायचं आहे. तशी सोय तुम्हीच करून गेलात. स्वतः सांगायला तोंड नव्हतं, म्हणून प्रश्न माझ्या पदरात टाकून निघून गेलात.

आधी त्या सकाळबद्दल. शनिवार होता. तुम्ही दूध आणायला उतरत होतात. तुमचा चेहरा मला बरा दिसला नाही, म्हणून दारात विचारलं. "सब ठीक," म्हणालात. दूध घेऊन परत येताना गेटाजवळच्या कट्ट्यावर बसलात ते तिथेच. पिशवी मांडीवर धरलेली होती, एक थेंब सांडला नव्हता. दवाखान्यात तुमचा शर्ट माझ्या हातात दिला तेव्हा खिशात गोळ्यांची पट्टी निघाली, जिभेखाली ठेवायच्या गोळ्यांची. तीन महिन्यांपूर्वी तुम्ही एकटेच डॉक्टरांकडे जाऊन आला होतात. मला सांगितलं होतं की कात्रजच्या तळ्यावर फिरायला गेलो होतो. मी तुम्हाला स्वेटर घालून पाठवलं होतं, वारा लागेल म्हणून.

तुमचं ते 'सब ठीक'. लग्न झालं तेव्हा मला त्याचं कौतुक होतं. पहाऱ्यावरचा जवान अधिकाऱ्याला असं म्हणतो, हे तुम्हीच सांगितलं होतं. निवृत्त झाल्यावरही रोज दिवेलागणीला गॅस, नळ, कडी तपासून स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून म्हणायचात. मीही "ठीक आहे, जा आता" म्हणायची. आपली तेवढीच थट्टा. पण एकदा तुम्ही हेही सांगितलं होतं की काहीही ठीक नसताना जो पहारेकरी सब ठीक म्हणतो, त्याला पलटणीत माफी नाही. हे सांगताना तुम्हाला हसू कसं आलं नाही, याचं मला आता नवल वाटतं.

मी एकतीस वर्षं टेलिफोन खात्यात ट्रंक बोर्डावर, परगावचे फोन जोडण्यात काढली. कानाला हेडफोन, समोर भोकांची भिंत, आणि हजारो माणसं एकमेकांना जोडून दिली. माणूस खोटं बोलण्याआधी एक बारीक श्वास घेतो, हे मला तिथे कळलं. मुलगा घरी सांगतो की नोकरी लागली, त्याआधी तो श्वास. बाई माहेरी सांगते की मी मजेत आहे, त्याआधी तो श्वास. आम्हाला ऐकायची परवानगी नव्हती, पण लाइन लागली की नाही हे बघताना कानावर पडायचंच. या कानांनी मी अख्खं पुणं पकडलं. तुम्हाला कधी पकडता आलं नाही. तुमच्या 'सब ठीक'आधी श्वासच नसायचा. मी समजत होते, माझा नवरा खरं बोलतो.

आता सुजाताबद्दल. हे नाव या घरात मी आज किती वर्षांनी लिहिते आहे ते तुम्हाला ठाऊक आहे. आठ महिन्यांची होती. जानेवारीत छातीत कफ झाला आणि चार दिवसांत गेली. तुम्ही सीमेवर होतात. तार पोचून, रजा मिळून, बर्फातून खाली उतरून यायला तुम्हाला नऊ दिवस लागले. त्याचा दोष मी तुम्हाला कधी दिला नाही, आजही देत नाही. मला वाटलं होतं, तुम्ही आलात की आपण दोघं मिळून रडू. तुम्ही आलात, माठातलं पाणी प्यालात, आणि तिचे कपडे मागितलेत. झबली, दुपटी, लंगोट, सगळ्यांच्या लष्करी घड्या घातल्यात. चार बाजू आत, कडा बोटाने दाबून, पत्त्यांच्या कॅटसारखी एकावर एक. तुमच्या काळ्या लोखंडी ट्रंकेत भरलंत आणि कुलूप लावलंत. मग गळणारी पाण्याची टाकी दुरुस्त केलीत. रजा संपल्यावर गेलात.

तुम्ही गेल्यावर मी ट्रंक उघडली. सगळं होतं, फक्त पिवळी कानटोपी नव्हती. कमलने, माझ्या धाकट्या बहिणीने, विणलेली. कमल त्या दिवसांत माझ्या सोबतीला राहिली होती. तिची मुलगी तेव्हा वर्षाची होती. एकदा ती म्हणाली होती, "ताई, एखादी वस्तू मला आठवण म्हणून देशील का?" मी नाही म्हटलं होतं. झालं. मी दोन आणि दोन चार केले. तिच्या घरी मार्केट यार्डात गेले आणि तिच्या सासूसमोर, जावेसमोर विचारलं, "माझ्या मेलेल्या मुलीची टोपी तू तुझ्या मुलीला घातलीस का?" अशी जीभ आपल्याला होती हे मला त्या दिवशी कळलं.

कमलशी मी नऊ वर्षं बोलले नाही.

त्या नऊ वर्षांत तुम्ही दरवर्षी रजेवर येत होतात. मी दरवर्षी तुमच्यापुढे कमलच्या नावाने खडे फोडत होते. तुम्ही पेपर वाचत होतात. एकदा मी म्हटलं, "तुम्हाला काय वाटतं, तिनेच नेली ना?" तुम्ही पेपरचं पान उलटलंत आणि म्हणालात, "जाऊ दे." मला वाटलं, किती मोठ्या मनाचा माणूस आहे. शेजारणींना सांगितलं मी तसं. आई गेली तेव्हा तिच्या उशाशी कमल आणि मी समोरासमोर आलो, एकमेकींच्या गळ्यात पडलो, आणि टोपीचं नाव न घेता विषय बंद झाला. मी तिला माफ केलं, अशी माझी समजूत. केवढी मी उदार.

मग आपलं दुसरं काही झालं नाही. तुम्ही निवृत्त झालात, मी निवृत्त झाले. सकाळचा चहा, दुपारची झोप, संध्याकाळचं सब ठीक. बरे दिवस होते, हे मी खोटं कशाला सांगू. तुमचं 'का'च्या जागी भंडाऱ्याकडचं 'काऊन' पुण्यात इतकी वर्षं राहूनही गेलं नाही आणि मी त्यावरून तुम्हाला रोज चिडवायची. तुम्ही म्हणायचात, "पुण्याची माणसं शब्द मोजून देतात, आमच्याकडे ताट भरून देतात." तुम्ही आणि ताट भरून. मी हसायची.

आणि दीड वर्षापूर्वी ही मुग्धा आली. जिन्यात तुम्हाला गाठून विचारलं, "काका, सैनिक बूट कसे बांधतो ते दाखवाल का?" वाघोलीला त्यांचा छोटा स्टुडिओ. पाच-सहा जण मिळून चित्रांची मालिका करत होते. मी तिला कार्टून म्हणायची आणि मुग्धा दर वेळी, "काकू, ॲनिमेशन आहे हो ते," म्हणून पाय आपटायची. गोष्ट मला तुम्हीच सांगितलीत. एक हवालदार लढाईवरून परत येतो. त्याला एसटी डेपोत, प्रवाशांच्या हरवलेल्या वस्तू ठेवतात त्या खोलीत नोकरी लागते. त्याला नियम सगळे कळतात, माणसं कळत नाहीत. मोडक्या छत्रीसाठी एवढा मोठा बाप्या का रडतो, रिकाम्या डब्यासाठी म्हातारी दोनदा का येते, हे त्याला उमगत नाही. प्रत्येक भागात एक वस्तू येते आणि तो एकेक भावना शिकतो, पहिलीतलं पोर बाराखडी शिकतं तसा.

बूट दाखवायला गेलात आणि तिथलेच झालात. त्यांनी आणलेला नट फार गरजून बोलायचा. तुम्ही म्हणालात, सैनिक असा बोलत नाही. मुग्धाने तुमच्याच कानाला हेडफोन लावला. आवाज आधी घेतात आणि मग त्याच्यावर चित्र चढवतात म्हणे. बोलताना हात कसे हलतात, मान कशी वळते, त्याचंही शूटिंग करून ठेवतात. आठवड्यातून तीनदा कात्रजहून वाघोली, दोन बस बदलून, या वयात. मी डबा बांधून द्यायची आणि बडबडायची. तुम्ही संध्याकाळी येऊन सांगायचात, "आज संकोच झाला. पुढच्या भागात पश्चात्ताप आहे." जसं काही दवाखान्यातून लस टोचून आलात. मी म्हणायची, "घरी बसून शिकता आलं असतं, शिकवणारी चोवीस तास हजर होती."

आपलं शेवटचं भांडण त्यावरूनच झालं. मंगळवार होता, मी मेथी निवडत होते. मी म्हटलं, "ज्या माणसाला सत्तरीपर्यंत रडता आलं नाही, त्याला कार्टून काय रडायला शिकवणार? गोष्टीत ठीक आहे. खऱ्या आयुष्यात कुणी शिकत नाही." तुम्ही म्हणालात, "होते बापा. शिकते माणूस."

"मग शिकून दाखवा," मी म्हटलं.

तुम्ही मेथीची एक जुडी पुढ्यात ओढलीत आणि निवडायला लागलात. देठ सगळे एका लांबीचे तोडलेत. मला आठवतं, कारण तेवढ्यावरूनही मी बोलले होते की भाजी करायची आहे, संचलन नाही.

गुरुवारी तुम्ही वाघोलीला गेलात. शेवटच्या भागात एक बाई त्या खोलीत येते. तिचं बाळ गेलेलं आहे आणि त्याचं झबलं एसटीत राहिलं आहे. हवालदाराने म्हणायचं होतं, "तुमचं दुःख मी समजू शकतो." मुग्धा सांगते, काकांनी कागद खाली ठेवला. म्हणाले, हे मी बोलणार नाही. नाही समजू शकत. कोणीच नाही समजू शकत. तिने विचारलं, "मग तो काय बोलेल, काका?" तुम्ही माइकजवळ सरकलात. मशीन चालूच होतं.

तुम्ही गेल्यावर पाचव्या दिवशी मुग्धा लॅपटॉप घेऊन आली. "काकू, काका म्हणाले होते, हे आधी काकूंना ऐकवा. त्या हो म्हणाल्या तर ठेवा, नाही म्हणाल्या तर पुसून टाका. मी त्यांना म्हटलं, तुम्हीच ऐकवा ना. ते म्हणाले, रविवारी ऐकवतो." रविवार आला, तुम्ही नव्हतात. मी तिला पडदा पलीकडे फिरवायला लावला. मला चित्र नको होतं. आवाज पुरे होता.

तुम्ही पुस्तकी मराठी सोडून दिली होतीत. गावाकडचं बोलत होतात. शब्दन्‌शब्द माझ्या कानात आहे.

"ते कानटोपी मीच नेली. पिवळी होती, पोट्टीची. ट्रंकेत घड्या घालता घालता खिशात टाकली. कोणाले सांगितलं नाही. हिच्यापाशी पोट्टीचे आठ महिने होते. मी तिले दोन रजेत पाह्यलं, तेवढंच. माझ्यापाशी काहीच नव्हतं. दिली असती तर परत ट्रंकेत गेली असती. अकरा वर्षं माझ्या वर्दीच्या बॅरेटच्या आत, डोक्यावर ठेवली. मग बदलीवर जात होतो. एका स्टेशनवर पाणी भराले उतरलो, तोंड धुवाले बॅरेट काढून नळाच्या कट्ट्यावर ठेवली. गाडी सुटली. बॅरेट उचलून धावलो. आतली टोपी तिथंच पडली. डब्याच्या दारातून दिसत होती. साखळी ओढता आली असती. नाही ओढली. डबाभर जवान बसले होते, हवालदार माणूस एवढुश्या टोपीसाठी साखळी ओढते का? नाही ओढली. मग हिले काय सांगू? नेली हे सांगू का हरवली हे सांगू? तिचं नाव काढलं की टोपी निघन. म्हणून नावच नाही काढलं."

संपलं. मग बराच वेळ नुसता श्वास. ज्या श्वासाची मी सगळा संसार वाट पाहिली, तो तुम्ही वाघोलीला पाच अनोळखी पोरांपुढे घेतलात.

आता मला सांगा, मी कशावर आधी रागवायचं? त्या नऊही वर्षांत ती टोपी तुमच्या बॅरेटमध्ये होती. रजेवर आलात की बॅरेट तुम्ही दारामागच्या खिळ्याला लावायचात. मी रोज तिथून झाडू घ्यायची. मी स्वयंपाकघरात माझ्या सख्ख्या बहिणीला चोर म्हणत होते आणि माझ्या मुलीची टोपी माझ्याच घरात, माझ्याच खिळ्याला, हात लांब केला असता तर लागेल एवढ्यावर लटकत होती. आणि तुम्ही म्हणालात, जाऊ दे.

कमलला मी फोन केला. चाळीस वर्षांपूर्वीच्या त्या आरोपाबद्दल काय बोलायचं ते कागदावर लिहून काढलं होतं. "ताई, जयभीम," ती म्हणाली, आणि माझा कागद वाचायचा राहून गेला. कसंबसं सगळं सांगितलं. ती मग म्हणाली, "मी नेली नव्हती एवढंच मला माहीत होतं, ताई. बाकी मी काय सांगणार होते?" मी म्हटलं, मला माफ कर. ती म्हणाली, "दाजी दरवर्षी रजेवर आले की आमच्याकडे यायचे. बसायचे, चहा घ्यायचे, माझ्या पोरीच्या डोक्यावर हात ठेवायचे आणि जायचे. मला वाटायचं, तू पाठवतेस."

मी पाठवत नव्हते. मला माहीतसुद्धा नव्हतं. हेही तुम्ही मला सांगितलं नाहीत. तुमच्याबद्दलची प्रत्येक चांगली गोष्ट मला दुसऱ्याच्या तोंडून, तुम्ही गेल्यावर कळावी, अशी काय तुमची आज्ञा होती? त्या रात्रीचं जेवण मी केलं नाही. रागाने नाही. तुम्ही कमलच्या दारात चपला काढताना कसे दिसला असाल ते डोळ्यांपुढून हलेना.

इथवर लिहून पत्र ठेवून दिलं होतं, ते आज पुन्हा हातात घेतलं. मधले दोन दिवस मी ठरवत होते की पुसून टाका म्हणून सांगायचं. माझ्या मुलीचं दुःख लोकांनी मोबाइलवर जेवताना बघायचं कारण नाही. शिवाय तुम्हाला तेवढी शिक्षा झालीच पाहिजे, असं वाटत होतं. मग मी मुग्धाला म्हटलं, चित्र दाखव. रंग अजून भरायचे होते, नुसत्या रेघा होत्या. तो हवालदार टेबलाशी उभा होता. चेहरा तुमचा नाही, नाक वेगळं, केस काळे. पण त्याच्या हातात एक लहानशी टोपी होती आणि तो तिची घडी घालत होता. चार बाजू आत, कडा बोटाने दाबून. आणि मग त्याचा अंगठा टोपीवर गोंडा असतो त्या जागेवरून एकदा मागे फिरला. मुग्धा म्हणाली, "हे आम्ही नाही घातलं काकू, शूटिंगमध्ये काकांच्या हातात रुमाल होता, ते असंच करत होते." कमलच्या टोपीला गोंडा होता. हे मी कुणाला सांगितलं नव्हतं, आणि तुमच्या त्या बोलण्यातही ते नाही.

मी विचारलं, "समोरची बाई काय म्हणते?"

"काही नाही. ती रडते. मग त्याचा हात धरते. दॅट्स इट."

"असं कुठे असतं का?" मी म्हटलं. "एवढं ऐकून ती नुसती रडेल? तू लग्न केलेलं नाहीस म्हणून तुला तसं वाटतं."

"मग काय म्हणेल, काकू?"

काकांना विचारला तोच प्रश्न. मी म्हटलं, उद्या मला वाघोलीला घेऊन चल.

तुमच्या दोन बस नाही, मुग्धाच्या गाडीतून गेले. तुमची खुर्ची होती तिथे बसवलं. कानाला हेडफोन लावला. निवृत्त झाल्यापासून पहिल्यांदा. कानांवर तो दाब आला आणि पाठ आपोआप ताठ झाली. मुग्धा काचेपलीकडून म्हणाली, "आधी काकांचा आवाज येईल, मग जागा सोडली आहे. जे वाटेल ते बोला. चुकलं तर परत घेऊ."

मी तयारी करून गेले होते. पंधरवडाभर घासून धार लावलेली वाक्यं होती. खिळ्याचं होतं, कमलचं होतं, पेपरच्या पानाचं होतं, गोळ्यांच्या पट्टीचं होतं. तुमचा आवाज सुरू झाला. ते कानटोपी मीच नेली. मी ऐकत गेले. एका स्टेशनवर पाणी भराले उतरलो. डब्याच्या दारातून दिसत होती. आणि अहो, इतके दिवस हेच ऐकत असूनही माझ्या डोक्यात जे आलं नव्हतं, ते हेडफोन कानाला लागल्यावर आलं. त्या दिवशी, तुमची गाडी सुटली त्या दिवशी, मी कुठे होते? मी बोर्डावर होते. देशातल्या कुठल्याही गावाची लाइन माझ्या दोन हातांत होती. स्टेशनमास्तरचा नंबर काढायला मला पाच मिनिटं लागली नसती. नळाच्या कट्ट्यावर पिवळी टोपी आहे, उचलून ठेवा, मी येते आहे, एवढंच सांगायचं होतं. पुढच्या स्टेशनवर उतरून एक फोन केला असतात तर मी शिव्या दिल्या असत्या, रडत रडत दिल्या असत्या, पण लाइन लावली असती.

तुमचा आवाज थांबला. श्वास ऐकू येत होता. काचेपलीकडे मुग्धाने हात वर केला.

मी म्हटलं, "कुठल्या स्टेशनवर?"

एवढंच आलं. बाकीची सगळी वाक्यं तशीच राहिली. मग मुग्धा हळूच म्हणाली, "काकू, खूप छान. एकदा परत घेऊ या? जरा कमी रागात?"

"नाही," मी म्हटलं. "एवढ्याच रागात."

तर तुमचं बोलणं राहणार आहे, हो म्हणून सांगितलं मी. शिक्षा द्यायची राहिली. हवालदाराच्या पुढे ती बाई आता रडत नाही, प्रश्न विचारते. मुग्धाची अडचण एवढीच की त्यावर तो काय उत्तर देतो. काकांच्या जुन्या आवाजातून काही जुळवता येईल का, असं त्यांच्यातलं कुणीतरी म्हणत होतं. मी सांगितलं, हात लावाल तर बघा. त्याला तसाच उभा ठेवा, टोपी हातात घेऊन.

संघटनेला मी चार ओळी दिल्या आहेत. कर्तव्यदक्ष, मितभाषी, वगैरे. मितभाषी लिहिताना पेन कागदात घुसलं, तरी लिहिलं. दिवेलागणीला आता गॅस, नळ, कडी मीच बघते आणि दारात कुणी उभं नसतं. काळी ट्रंक काल उघडली. तुमच्या घड्या अजून मोडलेल्या नाहीत. वरच्या कोपऱ्यात, तेव्हा माझ्या लक्षात आली नव्हती अशी, तळहाताएवढी जागा तुम्ही रिकामी सोडली आहे, आजूबाजूचे कपडे तिथे सरकू नयेत म्हणून दुमडून अडवली आहे. म्हणजे परत ठेवायची होती तुम्हाला. कधीतरी.

मी उद्या निघू शकते. गुडघे दुखतात, पण निघू शकते. कमल येते म्हणाली आहे. तिथे काही मिळणार नाही हे मला कळतं, मी वेडी झालेले नाही. नळ तरी बघेन. कट्टा तरी बघेन. फक्त नाव सांगा.

अहो, कुठल्या स्टेशनवर?